नाव, आडनाव आणि नोंद : 'अक्करमाशी' व 'कोल्हाट्याचं पोर' या आत्मकथनांच्या संदर्भात

बीजसंज्ञा : व्यक्तिनाम, आडनाव, आत्मकथन, दाखल-खारीज रजिस्टर, मातृनाम.

प्रस्तावना :

मराठी माणसाचे संपूर्ण नाव सामान्यतः तीन पदांचे असते. स्वतःचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव हा क्रम आपल्या इतका अंगवळणी पडला आहे की तो निसर्गनियम असावा असे वाटते. व्यक्तिनामांच्या व आडनावांच्या अभ्यासाची परंपराही मराठीत जुनी आहे. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी स्थलनामे व व्यक्तिनामे यांच्या व्युत्पत्तीकडे समाजाच्या इतिहासाचे साधन म्हणून पाहिले. त्यानंतर नियतकालिकांतून व स्मरणिकांतून आडनावांच्या उगमाविषयी विपुल लेखन झाले. गावाच्या नावाला 'कर' प्रत्यय लागून झालेली आडनावे, देशमुख, देशपांडे, कुलकर्णी, पाटील यांसारखी वतनवाचक आडनावे, सुतार, कुंभार, परीट यांसारखी व्यवसायवाचक आडनावे आणि वाघ, कोल्हे, लांडगे यांसारखी प्राणिवाचक आडनावे असे त्यांचे वर्गीकरण सर्वपरिचित आहे.

हे वर्गीकरण उपयुक्त असले तरी त्यामागे एक गृहीत दडलेले आहे. आडनाव ही पित्याकडून पुत्राकडे निर्वेधपणे आलेली मिळकत आहे, असे ते गृहीत होय. ज्याला हे नाव मिळालेच नाही, मिळण्यास अडथळा झाला, किंवा ज्याच्या आडनावाने त्याची ओळख सांगण्याऐवजी ती संशयास्पद केली, अशा माणसाचा विचार या वर्गीकरणात बसत नाही. हा विचार मराठीत व्युत्पत्तिशास्त्राने केला नाही. तो दलित व भटक्या-विमुक्तांच्या आत्मकथनांनी केला. सोलापूर जिल्ह्याने मराठीला अशी दोन महत्त्वाची आत्मकथने दिली आहेत. अक्कलकोट तालुक्यातील हन्नूर येथील शरणकुमार लिंबाळे यांचे 'अक्करमाशी' (१९८४) आणि करमाळा तालुक्यातील नेरले येथील किशोर शांताबाई काळे यांचे 'कोल्हाट्याचं पोर' (१९९४) ही ती होत. या दोन्ही कृतींचा विचार समीक्षेत मुख्यत्वे वेदना, नकार व विद्रोह या संकल्पनांच्या आधारे झालेला आहे. प्रस्तुत निबंधात त्यांतील नावाचा प्रश्न केंद्रस्थानी ठेवून त्यांचे वाचन करण्याचा प्रयत्न केला आहे.

उद्दिष्टे :

१) नावाचा अर्थ त्याच्या व्युत्पत्तीत असतो की त्याच्या नोंदीत, याचा शोध घेणे.
२) दोन्ही आत्मकथनांतील पितृनाम, मातृनाम व आडनाव यांचे परस्परसंबंध तपासणे.
३) या कृतींनी नामव्यवस्थेला दिलेल्या आव्हानाची मर्यादा स्पष्ट करणे.

सोलापूरची नामसंस्कृती :

सोलापुरातील कोणत्याही महाविद्यालयात वर्गाची हजेरी घेणे म्हणजे तीन-चार नामपरंपरांचा एकत्र उच्चार करणे होय. तेलंगणातून विणकामासाठी येथे आलेल्या पद्मशाली कुटुंबांची बोल्ली, आडम, कुचन, सादूल ही आडनावे मुळात तेलुगू 'इंटि पेरु' म्हणजे घराची नावे आहेत. तेलुगू प्रथेत घराचे नाव व्यक्तिनामाच्या आधी येते. मराठी दप्तरात ते शेवटी गेले. लिंगायत घरांत सिद्रामप्पा, मल्लिनाथ, शिवशरण अशी नावे आणि हिरेमठ, पुजारी अशी आडनावे आढळतात. ग्रामदैवत सिद्धेश्वरांमुळे सिद्धाराम, सिद्धेश्वर ही नावे मात्र जातीची व भाषेची सीमा ओलांडून सर्वत्र दिसतात. मुस्लिम समाजातील मोमीन, नदाफ, बागवान, तांबोळी ही आडनावे व्यवसाय सांगतात, तर मुजावर व जमादार ही आडनावे पद किंवा सेवा सांगतात.

या विविधतेचे कौतुक करून थांबणे सोपे आहे. परंतु येथील व्यवहारात आडनाव विचारण्याचा हेतू बहुधा कौतुकाचा नसतो. एखाद्याने आपले आडनाव 'काळे' असे सांगितले की पुढचा प्रश्न येतो, 'कुठले काळे?' काळे हे आडनाव ब्राह्मणांत आहे, मराठ्यांत आहे, कोल्हाट्यांत आहे आणि पारध्यांतही आहे. पवार, गायकवाड, जाधव, शिंदे या आडनावांचेही तसेच आहे. 'काळा' या शब्दाची व्युत्पत्ती कितीही अचूक दिली तरी 'कुठले काळे?' या प्रश्नाचे उत्तर त्यातून मिळत नाही, कारण तो प्रश्न भाषेचा नसून जातीचा आहे. आडनावाचा सामाजिक अर्थ शब्दकोशाबाहेर, गाव, वस्ती व सोयरीक यांच्या संदर्भात ठरतो.

हीच गोष्ट व्यक्तिनामालाही लागू पडते. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात वर्णानुसार नावे कशी असावीत याचा निर्देश असून शूद्राचे नाव निंदादर्शक असावे असे सांगितले आहे. त्यावरून दगडू, धोंडू, कचरू, केरू ही नावे केवळ हीनत्वाची खूण म्हणून वाचली जातात. मूल जगावे, त्याला दृष्ट लागू नये म्हणून मुद्दाम सामान्य नाव ठेवण्याची लोकरूढीही यामागे आहे आणि ती सर्व जातींत होती. महर्षी कर्वे यांचे नाव धोंडो केशव कर्वे होते. परंतु 'धोंडो'ला 'कर्वे' या आडनावाचा आधार होता. दया पवार यांच्या 'बलुतं' (१९७८) या आत्मकथनात दगडू मारुती पवार हा आपली कहाणी दया पवार यांना सांगतो, अशी निवेदनाची योजना आहे. एकाच माणसाची दोन नावे येथे समोरासमोर बसतात. वस्तीत वाढलेला 'दगडू' आणि शिकून लेखक झालेला 'दया' यांच्यामधील अंतर म्हणजेच त्या पुस्तकाचा विषय होय. 'धोंडो' आणि 'दगडू' यांचा कोशगत अर्थ जवळजवळ सारखाच आहे; भोगलेला अर्थ मात्र सर्वस्वी भिन्न आहे.

आडनाव : वारसा की नोंद?

आडनाव सर्वांना नेहमीच होते, हा समजही तपासून पाहिला पाहिजे. जुन्या मोडी कागदपत्रांत 'अमुक बिन अमुक' किंवा 'अमुक वलद अमुक' अशी पुरुषाची ओळख येते. स्त्रीची ओळख 'कोम' या शब्दाने, म्हणजे अमक्याची पत्नी म्हणून दिली जाते. वतनदार व प्रतिष्ठित घराण्यांची उपनामे रूढ होती. परंतु प्रत्येकाला एक कायम आडनाव असलेच पाहिजे ही गरज मुख्यतः इंग्रजी अमदानीतील शाळा, सैन्य, गिरणी व महसूल यांच्या दप्तरांनी निर्माण केली. जगात अन्यत्रही असेच घडले आहे. ऑस्ट्रियाचा राज्यकर्ता दुसरा जोसेफ याने १७८७ मध्ये आपल्या राज्यातील ज्यूंना कायम आडनावे घेणे बंधनकारक केले. तुर्कस्तानात १९३४ च्या कायद्याने प्रत्येक नागरिकाला आडनाव घ्यावे लागले. याउलट आइसलँडमध्ये आजही बहुसंख्य लोकांना घराण्याचे आडनाव नाही. वडिलांच्या किंवा आईच्या नावाला 'मुलगा' वा 'मुलगी' या अर्थाचा प्रत्यय लावून ते आपली ओळख सांगतात.

महाराष्ट्राच्या इतिहासात शाळेच्या नोंदीचे सर्वांत मोठे उदाहरण डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे आहे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या सरकारी शाळेत त्यांच्या नावाची नोंद 'भिवा रामजी आंबेडकर' अशी झाली. घराण्याचे मूळ उपनाम सकपाळ आणि गाव रत्नागिरी जिल्ह्यातील आंबडवे. हा प्रवेशदिन महाराष्ट्र शासनाने २०१७ पासून विद्यार्थी दिवस म्हणून साजरा करण्याचे ठरविले. रजिस्टरातील एका ओळीने घडविलेले हे आडनाव पुढे कोट्यवधी लोकांच्या अभिमानाचा विषय झाले. म्हणजेच आडनावाचे मूळ शोधताना केवळ गाव व धंदा न शोधता, ते कोणी लिहिले, कोणत्या रकान्यात लिहिले आणि ते लिहिण्याचा अधिकार कोणाचा होता, हेही विचारले पाहिजे.

'अक्करमाशी' : पित्याचे नाव हा पुरावा

'अक्करमाशी' हे शीर्षक स्वतःच एक नाव आहे. मात्र ते समाजाने दिलेले आहे. बारा मासे म्हणजे एक तोळा. जो अकराच माशांचा भरतो तो खोटा, हिणकस. विवाहबाह्य संबंधातून जन्मलेल्या संततीला हे माप लावले गेले. येथे व्युत्पत्ती अचूक सांगता येते, परंतु ती सांगताना सराफाच्या तराजूत माणूस ठेवला गेला आहे हे विसरता येत नाही.

निवेदकाची आई मसामाय ही महार समाजातील, तर वडील हणमंता लिंबाळे हे लिंगायत पाटील. आजी संतामाय हिच्यासोबत राहणारे महमूद दस्तगीर जमादार हे मुसलमान गृहस्थ निवेदकाचा सांभाळ करतात. निवेदक आपली जात शोधू लागतो तेव्हा पित्याकडून लिंगायत, आईकडून महार आणि सांभाळणाऱ्याकडून मुसलमान अशी तीन उत्तरे पुढे येतात व त्यांपैकी एकही पूर्णतः त्याचे ठरत नाही. लेखकाच्या 'शरणकुमार' या नावातील 'शरण' हा शब्द या परिसरात बसवेश्वरांच्या अनुयायांसाठी रूढ आहे. हा योगायोग असो वा नसो, पित्याच्या परंपरेचा शब्द नावात आणि पित्याच्या घराचा शब्द आडनावात असताना पित्याच्या घराचा उंबरठा मात्र बंद राहतो, हा विरोधाभास वाचकाच्या ध्यानात आल्यावाचून राहत नाही.

या दृष्टीने शाळेतील नोंदीचा प्रसंग या आत्मकथनाचा गाभा ठरतो. मुलाच्या वडिलांचे नाव काय लिहावे असा पेच पडतो. मुख्याध्यापक हणमंता लिंबाळे हेच नाव लिहितात आणि ते लिहू नये म्हणून हणमंताकडून आलेल्या दबावापुढे ते नमत नाहीत. पाटलाला मूल झाल्याची लाज वाटत नाही; भीती वाटते ती शाईत उमटणाऱ्या नावाची. संबंध गावाला ठाऊक असलेली गोष्ट कागदावर येताच तिला पुराव्याचे स्वरूप प्राप्त होते. यावरून असे दिसून येते की येथे पितृनाम हे वात्सल्याचे वा वारशाचे चिन्ह नसून ते एक साक्ष आहे.

येथे एका तुलनेचा उपयोग होतो. अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या पूर्वजांना अनेकदा गुलामांच्या मालकांची आडनावे चिकटली होती. माल्कम लिटल याने ते आडनाव टाकून, हरवलेल्या मूळ आफ्रिकी कुलनामाच्या जागी 'एक्स' हे अक्षर स्वीकारले. लिंबाळे यांनी मात्र आडनाव टाकले नाही. वरवर पाहता माल्कम एक्स यांची भूमिका अधिक बंडखोर वाटेल. परंतु ज्या पित्याला आपले नाव कागदावर नको होते, त्याचेच नाव पुस्तकाच्या मुखपृष्ठावर छापणे हाही एक नकारच आहे. पित्याने केलेल्या नकाराचा तो नकार होय. 'लिंबाळे' हे आडनाव येथे सन्मानाने धारण केलेले नसून ते आरोपपत्राप्रमाणे सादर केलेले आहे.

'कोल्हाट्याचं पोर' : आईचे नाव हे उत्तर

'अक्करमाशी'नंतर दहा वर्षांनी आलेल्या 'कोल्हाट्याचं पोर'मध्ये हाच प्रश्न वेगळ्या रीतीने सोडविलेला दिसतो. तमाशात नाचणाऱ्या कोल्हाटी स्त्रीला 'चिरा' उतरविण्याच्या विधीनंतर विवाहाचा मार्ग बंद होतो. तिला होणाऱ्या मुलांचा पिता सर्वांना माहीत असतो आणि तरीही तो नसतो. लेखकाने पित्याच्या रकान्यात आईचे नाव घातले व तेच नाव लेखकनाम म्हणून मुखपृष्ठावर आणले. 'किशोर शांताबाई काळे' या तीन शब्दांत मधला शब्द वाचकाला थबकवतो. त्या एका शब्दाने पुस्तक उघडण्यापूर्वीच त्याचा आशय सांगितला जातो. नेरल्यासारख्या गावातून निघून वैद्यकीय शिक्षण पूर्ण करणाऱ्या या तरुणाची वाटचाल पुढे अनेकांनी गौरविली. २००७ मध्ये अपघाती निधन झाल्याने ती अकाली थांबली.

मात्र समीक्षकाने येथे गौरवापाशी थांबू नये असे वाटते. आईचे नाव धारण करणारा हा मुलगा आईविषयी केवळ कृतज्ञ नाही. त्याला आजोळी ठेवून आई एका पुरुषाबरोबर संसार करण्यास निघून जाते. त्या सोडून जाण्याची जखम संपूर्ण निवेदनात वाहत राहते. म्हणून 'शांताबाई' या मधल्या नावात आदर आहे, तशीच तक्रारही आहे. जी जवळ राहिली नाही तिला त्याने नावात ठेवून घेतले आहे. शिवाय शांताबाईची बाजू आपणास मुलाच्या निवेदनातूनच कळते. मुखपृष्ठावर तिचे नाव आले. तिचा स्वतःचा आवाज मात्र आलेला नाही. ही उणीव लेखकाच्या प्रामाणिकपणाची नसून आत्मकथन या प्रकाराचीच आहे.

दुसरी गोष्ट आडनावाची. 'काळे' हे आडनाव शांताबाईच्या पित्याचे, म्हणजे लेखकाच्या आजोबांचे आहे. मुलींच्या नाचण्याच्या कमाईवर घरातील पुरुषांनी बसून खावे, या व्यवस्थेवर लेखकाने या पुस्तकात कठोर प्रहार केले आहेत. त्याच व्यवस्थेतील कुटुंबप्रमुखाचे आडनाव त्याच्या नावाच्या शेवटी उभे आहे. मधला शब्द मातृसत्तेचा आणि शेवटचा शब्द पितृसत्तेचा अशी ही रचना आहे. पित्याला वगळले तरी पित्याची जागा रिकामी राहत नाही. तेथे आईचा पिता येऊन बसतो.

दोन्ही कृतींची मर्यादा आणि आजचा संदर्भ :

उपरोक्त विवेचनावरून असे म्हणता येईल की दोन्ही लेखकांनी तीन पदांच्या नावाची चौकट मोडलेली नाही. त्या चौकटीत काय भरावे यावर त्यांनी संघर्ष केला आहे. एकाने नाकारणाऱ्या पित्याचे नाव भरले, दुसऱ्याने आईचे नाव भरले. चौकट मोडणे त्यांना शक्य नव्हते, कारण शिक्षण, शिष्यवृत्ती, जातीचा दाखला व नोकरी या साऱ्यांच्या वाटा त्याच चौकटीतून जात होत्या. म्हणून ही मर्यादा त्यांच्या विद्रोहाची न मानता तत्कालीन दप्तराची मानणे अधिक न्याय्य ठरेल. समीक्षेने 'अस्मितेचा शोध पूर्ण झाला' असा निष्कर्ष या कृतींवर लादू नये, एवढेच येथे सुचवावयाचे आहे.

त्यानंतरच्या काळात दप्तरही काही प्रमाणात बदलले आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये दिल्लीतील एका प्रकरणात अविवाहित मातेला पित्याचे नाव उघड न करता मुलाचे पालकत्व मिळू शकते असा निर्णय दिला. महाराष्ट्र शासनाने मार्च २०२४ मध्ये निर्णय घेऊन १ मे २०२४ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्या बालकांच्या बाबतीत शासकीय दस्तऐवजांत बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव व आडनाव असा क्रम अनिवार्य केला. किशोर शांताबाई काळे यांनी १९९४ मध्ये जे एकट्याने केले त्याचा काही अंश तीस वर्षांनी शासकीय नियम झाला, ही समाधानाची बाब आहे. तथापि या नव्या क्रमातही आडनावाचे स्थान अबाधित आहे, वडिलांचा रकाना कायम आहे आणि विवाहित स्त्रीच्या बाबतीत पतीचे नाव लावण्याची पूर्वीची पद्धत चालू ठेवलेली आहे. जुन्या कागदातील 'कोम' हा शब्द गेला. त्याचा अर्थ मात्र पूर्णपणे गेलेला नाही.

या निर्णयाचा लाभ मिळणारी मुले आपल्या महाविद्यालयांत येण्यास अजून बराच अवधी आहे. आज आपल्यासमोर बसणाऱ्या विद्यार्थ्यांच्या अर्जात जुनाच क्रम आहे. पदवीच्या पहिल्या वर्षाचा प्रवेश-अर्ज तपासताना वडिलांच्या नावाचा रकाना रिकामा ठेवलेली एक विद्यार्थिनी प्रस्तुत लेखकासमोर उभी होती. रांगेत मागे तिच्याच गावची मुले होती. 'हा रकाना राहिला आहे' असे सहज, मोठ्या आवाजात म्हटले गेले आणि तिने मान खाली घातली. 'अक्करमाशी' अनेक वर्षे शिकविल्यानंतरही हे वाक्य तोंडून निघाले, याची खंत वाटते. आत्मकथनाचे अध्यापन आणि अर्जाची तपासणी ही दोन कामे आपण निराळी मानतो, हीच खरी अडचण आहे.

निष्कर्ष :

१) व्यक्तिनामांचा व आडनावांचा अर्थ केवळ व्युत्पत्तीने सिद्ध होत नाही. 'धोंडो' व 'दगडू' यांचा कोशगत अर्थ जवळचा असूनही सामाजिक अर्थ भिन्न आहे. 'काळे' या एकाच आडनावाचे अर्थ जातीनुसार पालटतात.

२) आडनाव हा सर्वांसाठी वारसा नसतो. वंचित समूहांच्या बाबतीत ती अनेकदा दप्तराने केलेली नोंद असते आणि ती करण्याचा किंवा नाकारण्याचा अधिकार दुसऱ्याच्या हाती असतो.

३) 'अक्करमाशी'त पितृनाम हा पित्याविरुद्धचा पुरावा ठरतो, तर 'कोल्हाट्याचं पोर'मध्ये मातृनाम हे पित्याच्या अनुपस्थितीला दिलेले उत्तर ठरते. या दुसऱ्या कृतीत आदर व तक्रार एकाच नावात वसतात.

४) दोन्ही कृती नावाच्या चौकटीला प्रश्न विचारतात, परंतु आडनावातील पितृसत्ता अबाधित राहते. २०२४ च्या शासननिर्णयालाही हीच मर्यादा आहे.

५) आडनावांचा कोश रचताना व्युत्पत्तीबरोबरच ते आडनाव कोणत्या दप्तरात, कोणत्या प्रसंगी नोंदले गेले याचाही शोध घेतला गेला पाहिजे. शाळांची जुनी दाखल-खारीज रजिस्टरे हे त्यासाठी मौलिक साधन ठरू शकते. सोलापूरसारख्या बहुभाषिक जिल्ह्यात मराठी, कन्नड, तेलुगू व उर्दू विभागांनी एकत्रितपणे असा अभ्यास हाती घेणे शक्य आहे आणि आवश्यकही आहे.

जो विद्यार्थी आपले संपूर्ण नाव सांगताना क्षणभर थांबतो, त्याच्या त्या थांबण्याचा अर्थ कोणत्याही कोशात मिळत नाही. तो या दोन पुस्तकांत मिळतो. वर्गात ती शिकविणाऱ्याने निदान हजेरी घेताना तरी तो लक्षात ठेवावा.